तीस वर्षांचा कागद

डिचोली,
19 जानेवारी 2025

चि. सौ. बाय हिस अनेक आशीर्वाद,

संक्रांतीला तू भरल्या ताटावरून उठून गेलीस त्याला आज पाच दिवस झाले. फोन दोनदा हातात घेतला आणि खाली ठेवला. फोनवर मी आधी बोलते आणि मग विचार करते, हे तुला ठाऊक आहे. म्हणून लिहिते. बाबा उद्या डोळे दाखवायला म्हापशाला येणार आहेत, त्यांच्या हाती हे देईन. सोबत सोलं आहेत आणि थोडे उकडे तांदूळ. मावशीला सांगू नकोस, तिच्या वाट्याचे या खेपेला उरले नाहीत.

आधी चूक कबूल करते. हळदीकुंकवाला आलेल्या बायकांसमोर, जावयांसमोर, नंदनरावांसमोर, "तीस वर्षं? डोकं ठिकाणावर आहे का?" असं मी म्हणायला नको होतं. ते बिचारे घरकर्जाचं मंजुरीपत्र देवापुढे ठेवायला घेऊन आले होते. मी ते हातात घेतलं, चष्मा लावला आणि सगळं सोडून मुदतीच्या रकान्याकडेच बघितलं. पर्वरीत माझ्या लेकीचं घर होतंय, आपल्या अख्ख्या घराण्यात बाईच्या नावानं होणारं ते पहिलं घर, हे मी एका शब्दानं बोलले नाही. त्या रात्री झोप लागली नाही ती त्यामुळेच. घर घ्यायचं नाही असं माझ्या मनात कधीच नव्हतं. या घराच्या फॉर्म एक-चौदावर, म्हणजे जमिनीच्या हक्काच्या उताऱ्यावर, बावीस नावं आहेत, काकांनी पार्टिशनचं काय केलं ते तू पाहिलं आहेस, इथे तुझ्या वाट्याला पडवीचा खांबसुद्धा येईल की नाही, देव जाणे. तुला स्वतःचं दार हवं, हे मला तुझ्याहून जास्त कळतं.

मंजुरीपत्राची झेरॉक्स तू खिडकीत विसरलीस. तीन रात्री मी ती घेऊन बसले होते. शेजारच्या मुलानं मोबाइलवर हप्त्याचं गणित काढून दिलं, पण मला ते स्वतःच्या हातानं केल्याशिवाय पटेना. पस्तीस वर्षं मुलांकडून सरळव्याज-चक्रवाढव्याज घोकून घेतलं, आणि या कागदावर मीच अडखळले.

60 लाख, साडेआठ टक्के, तीस वर्षं. हप्ता 46,135. हे तू मला सांगितलंस. तीनशेसाठ हप्त्यांचे मिळून 1 कोटी 66 लाख होतात, हे मात्र तू सांगितलं नाहीस, आणि मंजुरीपत्राच्या पहिल्या पानावरही ते कुठे दिसलं नाही. म्हणजे 60 लाख घेऊन वर 1 कोटी 6 लाख नुसतं व्याज. आता पहिला हप्ता घे. महिन्याचं व्याज 42,500. 46,135 मधून ते आधी वजा होतं. उरतात 3,635. त्या महिन्यात तुझ्या घराच्या नावावर जमा होतात ते एवढेच. पुढच्या महिन्यात पंचवीस-सव्वीस रुपये जास्त. असं करत दहा वर्षं गेली, एकही हप्ता चुकला नाही असं धरलं, तर तुम्ही 55 लाख 36 हजार भरलेले असतील आणि देणं उरलेलं असेल 53 लाख 16 हजार. मी हे चार वेळा तपासलं. दहा वर्षांनी तू चव्वेचाळीसची असशील, बाय.

वीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता 52,069. महिन्याला 5,934 जास्त. पण एकूण व्याज 65 लाखांच्या आत राहतं. तीस वर्षांवरून वीसवर आलं की 41 लाख वाचतात.

बघ, मुदतीवर काही बोलायचं नाही असं ठरवून बसले होते, आणि दुसऱ्याच पानावर तिथेच येऊन पोचले. माफ कर.

तुझी बाजूही लिहिते, नाहीतर मी ऐकलंच नाही असं तुला वाटेल. तू म्हणालीस, 22,000 भाडं भरून हातात काय राहतं? बरोबर. तू म्हणालीस, आजचे 46,000 वीस वर्षांनी एवढे जड वाटणार नाहीत, पगार वाढतील. तेही खरं. मी नोकरीला लागले तेव्हा मूळ पगार 1,200 होता, आणि निवृत्त झाले तेव्हा तेवढ्याची माझी औषधं येत होती. पैशाची किंमत उतरते, हे मी जगून पाहिलं आहे. पण पगार वाढेलच, हे कोणी सांगितलं? तो वाढेल असं धरूनच आम्ही ट्रक घेतला होता.

तेव्हा तू फर्मागुढीला कॉलेजच्या शेवटच्या वर्षांना होतीस, तुला अर्धंच माहीत आहे. 2010 साली डिचोलीत ज्याच्या दारात खनिज वाहणारा टिपर ट्रक नाही तो माणूसच नाही, असे दिवस होते. दिवसाला किती खेपा मारायच्या, हेच बोलणं. शिरगाव, मये, पाळी, सगळीकडे रात्रंदिवस गाड्या, आमोण्याच्या धक्क्यावर बार्जी खनिज भरायला ओळीनं उभ्या. बाबांनी सहा वर्षांचं कर्ज काढलं. मी सही केली. आपल्याकडे गोव्यात लग्न झालं की मालमत्ता दोघांची, त्यामुळे बायकोच्या सहीवाचून पान हलत नाही. सही करताना मला अभिमानच वाटला होता, खोटं कशाला सांगू. सप्टेंबर 2012 मध्ये खाणी थांबल्या. गाडी फणसाखाली उभी राहिली. पावसाळ्यात टायरांभोवती गवत आलं, पुढच्या पावसाळ्यात केबिनमध्ये मांजर व्यालं. हप्ता मात्र पाच तारखेला यायचाच. खाणी बंद आहेत, हे त्याला कळत नव्हतं.

ती चार वर्षं मी शाळेच्या पगारातून हप्ता भरला. पाटल्या गेल्या, मोहनमाळ गेली, त्याचं मला काही नाही, सोनं त्यासाठीच असतं. तुला आज्जीचं सांगायचं आहे. 2014 च्या मे महिन्यात पेडण्याला तिनं अंथरूण धरलं. सुट्टी होती, मी जाऊन राहिले. जूनमध्ये शाळा उघडली. माझी रजा तुझ्या बाबांच्या दुखण्यात संपलेली होती. बिनपगारी घेतली असती तर हप्ता चुकला असता, आणि आधीचे दोन थकलेले होते. मी घेतली नाही. दर रविवारी जात राहिले. ती गेली बुधवारी. हे मी आजपर्यंत कोणाकडे बोलले नाही, बाबांकडेही नाही, कारण त्यांना वाटलं असतं मी ट्रकचा दोष काढते आहे. दोष कोणाचाच नव्हता. त्या चार वर्षांत "नको" हा शब्द माझ्याकडे राहिला नव्हता, एवढंच. रजेला नको, जादा वर्गांना नको, सत्तरी तालुक्यातल्या बदलीला नको, काही म्हणता येईना.

ते कर्ज सहा वर्षांचं होतं. तुझं तीस वर्षांचं आहे.

नंदनरावांची कंपनी चांगली आहे, तुझीही आहे. तुमच्या कमाईवर माझा विश्वास नाही असं समजू नकोस. पण तीस वर्षांत माणसाला एकदा तरी नोकरी सोडावीशी वाटते. कधी मूल होतं, कधी म्हातारं आजारी पडतं. (मूल कधी, हे मी विचारत नाही. त्यावरून आपलं दिवाळीत झालंच आहे.)

आता थोडं कामाचं. हे भाषण वाटलं तर हा भाग नंदनरावांना वाचायला दे.

व्याज फिरतं आहे, साडेआठवर ते थांबून राहणार नाही. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, मे 2022 पर्यंत 4 टक्के होता, फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहा झाला. माझ्या शाळेतल्या एका बाईंच्या मुलानं त्याच्या आधी वीस वर्षांचं कर्ज घेतलं होतं. बँकेनं हप्ता तोच ठेवला आणि मुदत गुपचूप वाढवली. दोन वर्षं नेमानं भरून त्यानं पासबुक बघितलं, तर वीसपेक्षा जास्त वर्षं शिल्लक. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेनं बँकांना सांगितलं की हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा. तेव्हा असं पत्र आलं तर न वाचता ठेवू नकोस. आणि तीस वर्षांच्या कर्जातली खोच अशी: सुरुवातीलाच दर एका टक्क्यानं वाढला तर 60 लाखांचं महिन्याचं व्याज होतं 47,500. तुझा हप्ता 46,135. म्हणजे हप्ता न वाढवता भरत राहिलीस तर भरूनही कर्ज वाढतच जाईल. वीस वर्षांच्या हप्त्यात निदान तेवढी जागा असते.

विम्याचंही बघ. तुम्ही मागितले 58 लाख 20 हजार, पत्रावर 60 लाख. वरचे 1 लाख 80 हजार विम्याचे, कर्जातच घातलेले. तीस वर्षांत त्या विम्याचे जवळजवळ 5 लाख होतात. विमा हवाच, दोघांचाही हवा, पण तो वेगळा घ्या आणि वर्षाच्या वर्षाला पैसे भरा.

करसवलतीवर फार विसंबू नका. पहिल्या वर्षाचं व्याज 5 लाखांवर जातं. सवलत प्रत्येकी 2 लाखांपर्यंत, तीही जुन्या करपद्धतीत, आणि नंदनराव नवीन पद्धतीत गेले असं तूच म्हणाली होतीस. 75 लाखांच्या फ्लॅटवर 5 टक्के जीएसटी म्हणजे 3 लाख 75 हजार, वर स्टॅम्प ड्युटी, नोंदणी. ते तुमच्या साठवणीतून जाणार, कर्जात बसत नाही. इमारत पुरी होईपर्यंत नुसतं व्याज भरायचं असं बिल्डरच्या माणसानं सुचवलं, तेही मला पटलं नाही. त्या काळात मुद्दल एका रुपयानंही उतरत नाही आणि म्हापशाचं भाडं चालूच.

चांगली गोष्टही आहे. फिरत्या व्याजाच्या घरकर्जात मुदतीआधी पैसे भरले तर बँक दंड लावू शकत नाही. वर्षाला एक हप्ता जादा भरला तरी तीस वर्षांचं कर्ज तेविसाव्या वर्षी संपतं. फक्त प्रत्येक वेळी लेखी द्यायचं, "मुदत कमी करा, हप्ता नको." नाहीतर ते आपल्या मनानं काहीही करतात. हे जादा हप्ते पहिल्या पाच-सात वर्षांत भरले तर त्यांचं मोल फार, नंतर तेवढं नाही. गणेशचवथीला बोनस येतो तो माटोळीच्या सामानाच्या आधी बँकेत जाऊ दे.

चार ओळी म्हणता म्हणता दोन पानं झाली. तुझं वय चौतीस आहे, तू माणसं सांभाळतेस, लाखांची बिलं पास करतेस, हे मी चारचौघांत सांगत फिरते. 2012 मध्ये तुझा पहिला पगार आला तेव्हा तू पाकीट न उघडता माझ्या हातात दिलंस आणि म्हणालीस, "ट्रकला घाल." मी घातला. तो नको म्हणायला हवा होता, असं मला अजून वाटतं. कदाचित म्हणूनच तुझ्या हप्त्याचं नाव काढलं की माझा आवाज चढतो.

आता मुख्य गोष्ट. 5,934 चा फरक मी देते. माझ्या पेन्शनमधून दर महिन्याच्या तीन तारखेला तुझ्या खात्यात. बाबांशी बोलले आहे, त्यांच्या औषधांना आणि घराला हात न लावता हे होतं, हिशेब वहीत आहे. याला मदत म्हणू नकोस, तुझा तो पगार परत करते आहे असं समज. तुम्ही वीस वर्षांचा कागद करा. नाही पटलं आणि तुम्ही तीसच घेतलीत, तर मी त्यावर पुन्हा बोलणार नाही. घरभरणीला पाटोळ्या मीच करणार, ते कोणत्याही परिस्थितीत.

शुक्रवारी सही किती वाजता आहे, ते बाबांना सांगून पाठव. मी येऊ का? तुला नको असेल तर तसं स्पष्ट सांग, मी राग धरणार नाही.

सोबतची वही तुझ्याकडेच राहू दे, बाबांकडे परत देऊ नकोस. पुढच्या पानांवर तुझ्या कर्जाचं गणित आहे. मागून उघडलीस तर ट्रकचे हप्ते आहेत, तारखांसकट, ज्या महिन्यांत चुकले त्या महिन्यांवर लाल खूण आहे. ते वाचलंस तरी चालेल.

तुझी,
आई