स्पेनला निघण्याआधी : मंजूस पत्र

पुणे,
रविवार

प्रिय मंजू,
सप्रेम नमस्कार.

काकूंना घेऊन ऑक्टोबरात माद्रिद, कोर्दोबा आणि सेविया करायचं ठरलं, हे वाचून फार आनंद झाला. महिनाभरात कामापुरतं स्पॅनिश जमेल का, असं विचारलं आहेस. जमेल. रोज वीस मिनिटं दे, पण मोठ्यानं बोलून. मनातल्या मनात वाचलेलं वाक्य काउंटरपाशी तोंडातून निघत नाही.

आधी एक वही कर आणि सगळे शब्द देवनागरीत लिही. रोमन अक्षरं समोर आली की आपली जीभ इंग्रजीच्या सवयीनं वळते आणि तिथेच बिघडतं. ‘टी’ दिसला की आपण ट म्हणतो, ‘डी’ दिसला की ड. स्पॅनिशमध्ये ट-ड नाहीतच, आपले त आणि द आहेत. प, त, क हेही आपल्यासारखेच, श्वास न फेकता. इंग्रजांना यासाठी मेहनत करावी लागते, तुला ते लहानपणापासून येतं.

स्वर पाचच : आ, ए, इ, ओ, उ. ऱ्हस्व-दीर्घानं अर्थ बदलत नाही. आपला ‘अ’ मात्र तिथे नाही, हे पक्कं लक्षात ठेव. ‘उद्या’ला शब्द आहे ‘मान्याना’. त्याचं ‘मन्याना’ झालं की ऐकणारा अडखळतो. जिथे ‘ए’ हे रोमन अक्षर, तिथे स्वच्छ आ.

खरी अडचण जोराची. मराठीत कुठल्याही अक्षरावर जोर दिला तरी शब्द तोच राहतो, स्पॅनिशमध्ये तो बदलतो. ‘एस्ता’मधल्या ए वर जोर दिला तर अर्थ ‘ही’, ता वर दिला तर ‘आहे’. म्हणून वहीत जोराच्या अक्षरापुढे अवग्रह काढ : एऽस्ता, एस्ताऽ. नियम सोपा आहे. शब्द स्वर, न किंवा स यांनी संपला तर शेवटून दुसऱ्या अक्षरावर जोर (ग्रानाऽदा, क्वेऽन्ता). इतर व्यंजनानं संपला तर शेवटच्या अक्षरावर (ओतेऽल, फावोऽर). अक्षरावर तिरकी रेघ दिसली की नियम सोडायचा, जोर त्या रेघेवर. स्टेशनला ‘एस्तासिओऽन’ म्हणतात ते त्या रेघेमुळेच. सुरुवातीचा ए विसरू नकोस. आपल्याकडे कुणी कुणी ‘इस्टेशन’ म्हणतं, तशीच ही जोड आहे.

आता फसवी अक्षरं. ‘एच’ मुका, म्हणून हॉटेलचं ओतेऽल. ‘जे’ म्हणजे घशातून खरवडून काढलेला ह. तसा निघाला नाही तर साधा ह चालतो, ज कधीही नको. ‘जी’पुढे ए किंवा इ हा स्वर (रोमन ‘ई’ किंवा ‘आय’) आला की त्याचाही हाच ह होतो. दोन ‘एल’ म्हणजे य. ‘एन’वर नागमोडी रेघ असली की न्य. ‘व्ही’ आणि ‘बी’ एकच : बोलायला सुरुवात करताना ब, दोन स्वरांच्या मध्ये आपला मऊ व. शब्दारंभीचा आणि जोडीनं आलेला ‘आर’ थरथरता, ‘चिमणी भुर्र उडाली’ म्हणताना येतो तसा. पेऽरो म्हणजे ‘पण’, पेऽर्रो म्हणजे ‘कुत्रा’.

देवनागरीचेही दोन सापळे आहेत. आपला च दोन तऱ्हांचा, चहातला आणि चमच्यातला. स्पॅनिशला फक्त चहातला लागतो. ‘मुचो’ लिहिलंस तर वाचताना ‘चोर’मधला च तोंडात येणार. म्हणून मुऽच्यो लिही, मुऽच्यास ग्राऽसियास (खूप आभार) लिही, माद्रिदचं मोठं स्टेशन आतोऽच्या असं लिही. दुसरा सापळा थ चा. माद्रिदला ‘झेड’ आणि ए-इ पुढचा ‘सी’ यांचा उच्चार जिभेचं टोक दातांमध्ये धरून, हवा सोडत करतात. पुस्तकांत तो ‘ग्राथियास’ असा छापतात. आपला थ मात्र हवा अडवतो, त्यामुळे तो जसाच्या तसा चालत नाही. माझं मत असं, की तू सरळ स म्हण. सेवियाकडे पुष्कळ जण स म्हणतात, लॅटिन अमेरिकेत तर सगळीकडे स आहे. माद्रिदकरांचा उच्चार फक्त कानाला ओळखीचा हवा. सेवियात आणखी एक होईल : शब्दाच्या शेवटचा स गळतो. ‘दोस’ म्हणजे दोन, ऐकू येईल ‘दो’.

दुकानात शिरताना आधी नमस्कार, मग काम. दुपारचं जेवण होईपर्यंत ‘ब्वेऽनोस दीऽआस’. तिथे जेवण दोन-तीनला असतं, त्यामुळे दीड वाजताही हेच चालतं. त्यानंतर ‘ब्वेऽनास ताऽर्देस’, अंधार पडल्यावर ‘ब्वेऽनास नोऽचेस’. मागताना इंग्रजीसारखे ‘मिळू शकेल का’चे वळसे नकोत. आपण ‘दोन चहा द्या’ म्हणतो तितकं सरळ बोल : ‘मे पोऽने उन काफेऽ कोन लेऽचे, पोर फावोऽर’ म्हणजे मला एक दुधाची कॉफी द्या; ‘पोर फावोऽर’ म्हणजे कृपया. बिलासाठी ‘ला क्वेऽन्ता, पोर फावोऽर’. कार्डानं पैसे देऊ का, याला ‘प्वेऽदो पागाऽर कोन तार्हेऽता?’ ‘पागार’ म्हणजे पैसे चुकते करणं. आपला ‘पगार’ पोर्तुगीजांनी आणलेला, त्याचंच हे स्पॅनिश भावंड. बटाट्याचं पाताऽता, पावाचं पान, चावीचं याऽवे ही तशीच भावंडं, त्यामुळे हे शब्द वेगळे पाठ करावे लागणार नाहीत.

समोरच्याला इंग्रजी येतं का, हे ‘आऽब्ला इंग्लेऽस?’ असं विचार. त्यांच्याकडेही तू-तुम्ही आहे : तू म्हणजे तू, उस्तेऽद म्हणजे तुम्ही. फक्त उस्तेदबरोबर क्रियापद ‘तो-ती’चं येतं, ‘तुम्ही बोलतो’ म्हटल्यासारखं. बोलणं फार वेगानं आलं तर ‘मास देस्पाऽसियो, पोर फावोऽर’, म्हणजे जरा हळू.

काकूंच्या जेवणावर थोडं जास्त लिहिते, कारण सगळ्यात जास्त गोंधळ तिथे होतो. ‘बेहेतारियाऽना’ एवढ्यावर थांबू नकोस. ‘काऽर्ने’ म्हणजे मांस, पण पुष्कळांच्या लेखी त्यात मासे येत नाहीत आणि हामोऽनचे, म्हणजे मिठात मुरवलेल्या डुकराच्या मांडीचे, चार तुकडेही मोजले जात नाहीत. एन्सालाऽदा मीऽक्स्ता नावाचं सॅलड बहुतेक वेळा ट्यूना मासा घालूनच येतं. म्हणून पूर्ण वाक्य पाठ कर : ‘मि माऽद्रे नो कोऽमे काऽर्ने, नि पेस्काऽदो, नि हामोऽन, नि वेऽवो.’ माझी आई मांस, मासे, हामोन, अंडं यातलं काही खात नाही. स्वतःसाठी कोऽमेच्या जागी कोऽमो. ताटातल्या वस्तूकडे बोट करून ‘येऽवा काऽर्ने?’ म्हणजे ‘यात मांस आहे का?’ मसूर किंवा घेवड्याचं रस्सेदार काही आलं तर ‘येऽवा काऽल्दो दे काऽर्ने?’ हेही विचार. वर भाजीच दिसते, पण खाली मांसाचं पाणी असू शकतं.

कोर्दोबात सालमोरेऽहो मागव, टोमॅटो-पावाचं थंड दाट सार. त्यावर हामोन आणि उकडलेलं अंडं पेरतात, म्हणून ‘सिन हामोऽन इ सिन वेऽवो’. तिथलीच बेरेन्हेऽनास कोन मिएऽल, म्हणजे तळलेली वांगी आणि वरून पुष्कळदा उसाची काकवी, काकूंना नक्की आवडतील. सेवियात एस्पिनाऽकास कोन गार्बाऽन्सोस, पालक आणि काबुली चणे. तोर्तीऽया म्हणजे मात्र अंड्याचं आमलेट, पोळी नव्हे. पाणी ‘आऽग्वा देल ग्रीऽफो’ असं माग. नळाचं पाणी फुकट देणं २०२२च्या कायद्यानं हॉटेलांना बंधनकारक आहे.

आकड्यांत साठ आणि सत्तर सांभाळ : सेसेऽन्ता, सेतेऽन्ता. फरक मधल्या स-त चा. संशय आला तर आकडा लिहून दाखवायला सांग. स्टेशनवर सालीऽदा म्हणजे बाहेर जायचा रस्ता, सालीऽदास म्हणजे सुटणाऱ्या गाड्या, बीऽआ म्हणजे गाडीची लाइन, तिचाच नंबर फलकावर असतो. परतीसकट तिकीट ‘इऽदा इ ब्वेऽल्ता’.

औषधाचं दुकान हिरव्या क्रॉसवरून ओळखायचं. तिथे ‘कोन्स्तिपाऽदो’ कानावर पडलं तर घाबरू नकोस, त्याचा अर्थ सर्दी झालेला. इंग्रजी कानाला भलताच त्रास ऐकू येतो आणि औषधही भलतंच मागितलं जातं. दुखण्याची रचना अगदी आपली आहे : ‘मे द्वेऽले ला कावेऽसा’, मला डोकं दुखतं. काकूंचा गुडघा बोलायला लागला तर ‘ले द्वेऽले ला रोदीऽया’, त्यांना गुडघा दुखतो. रोदीया म्हणताना र थरथरू दे. तापाला ‘तेऽन्गो फ्येऽब्रे’. तातडीच्या मदतीचा फोन ११२.

आणि एक कर. जेवणाचं ते लांब वाक्य एका कार्डावर रोमनमध्ये लिहून काकूंच्या पर्समध्ये ठेव. देवनागरी तुझ्यासाठी, रोमन वेटरसाठी. तू खरेदीत गुंतलीस तरी त्यांचं जेवण अडणार नाही. वाक्य लिहून झालं की फोटो पाठव, तिरक्या रेघा तपासून देते.

काकूंना नमस्कार.

तुझी,
अनघा