गिल्बर्ट हिलला हिमालयाच्या पंगतीत बसवू नका

मा. संपादक,
स.न.वि.वि.

कालच्या पुरवणीतला मुंबईच्या डोंगरांवरचा लेख वाचला. भूपट्ट, म्हणजे भूकवचाचे अवाढव्य तुकडे, एकमेकांवर आदळले, जमीन वर उचलली गेली आणि अंधेरीत गिल्बर्ट हिल उभे राहिले म्हणे! थोडक्यात, हिमालयाचा धाकटा भाऊ. मी लहानपणापासून या टेकडीवरच्या गावदेवीच्या देवळाच्या पायऱ्या चढतोय. तो दगड कशावर आदळून वर आलेला नाही, लाव्हा थिजून झालेला आहे. सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा हा लाव्हा थंड होताना आकसला, तळे आटल्यावर चिखल तडकतो तसा तडकला, त्याचेच ते उभे कोनदार खांब. खाली रिक्षा स्टँडवरून मान वर केली तरी दिसतात. लेखकमहाशयांनी तेवढी तसदी घ्यायची होती.

भूकवचाच्या हालचालींवरच लिहायचे होते, तर आमच्याकडची हालचाल उलट्या दिशेची आहे हे तरी सांगायचे. हिंदी महासागरातले सेशेल्स बेटांचे भूखंड भारतापासून तुटून दूर गेले, त्या ताणात इकडची बाजू समुद्राकडे खचली. माथेरानच्या कड्यातले लाव्हाचे थर पाहा, चटया अंथरल्यासारखे आडवे. पनवेलच्या पट्ट्यात हेच थर वाकतात आणि मुंबईकडे येईपर्यंत पश्चिमेला कललेले असतात.

पण खरा राग आला तो शेवटच्या वाक्याचा. ‘आता हे सारे इतिहासजमा झाले आहे.’ वा!

11 डिसेंबर 1967. पहाटे आमच्या चाळीत मांडणीवरची पितळी पातेली वाजू लागली. आसपास तेव्हा दगडाच्या खाणी, सुरुंगांची सवय झालेली. वडिलांनी झोपेतच खाणवाल्याला शिवी हासडली आणि कुशीवर वळले. आई म्हणाली, “अहो, सुरुंगाला आवाज असतो. आवाज कुठाय?” आणि आम्हा भावंडांना गोधडीसकट ओढत तिने गॅलरीत आणले. सकाळी रेडिओवर भूकंपाच्या बातमीत कोयनानगरचे नाव ऐकले तेव्हा वडील आंघोळ, डबा, कामावर जाणे सगळे विसरून रेडिओपुढे बसून राहिले. तिथून जवळच पाटणला त्यांची आत्या होती. तिचे खुशालीचे कार्ड आले नवव्या दिवशी. तोवर घरात कोणी मोठ्याने बोलले नाही. इतिहासजमा म्हणणाऱ्यांनी पाटण खोऱ्यात जाऊन हे वाक्य एकदा मोठ्याने वाचून दाखवावे.

आणि तो फोटो! गिल्बर्ट हिलच्या नावाखाली तुम्ही छापलाय तो अमेरिकेतल्या वायोमिंगमधला डेव्हिल्स टॉवर. पायथ्याशी पाइनचे रान दिसत असताना कोणालाच शंका आली नाही? आमच्या टेकडीच्या पायथ्याशी झोपड्या आहेत, इमारती आहेत, वाळत घातलेले कपडे आहेत. पाइन नाहीत. नातवाने मात्र लेख फोटोसकट कापून शाळेच्या प्रकल्पवहीत चिकटवलाही. “आजोबा, पेपरात आलंय ना!” यापुढे माझे काय चालणार? तेव्हा चूक दुरुस्त करा, आणि ती आतल्या पानाच्या कोपऱ्यात नको, कात्री लावता येईल एवढ्या आकारात छापा.

जाता जाता. फुटपाथवरच्या दुचाकींबद्दलचे माझे मागचे पत्र छापताना आपण नेमका मुद्द्याचा परिच्छेद गाळला होतात. या वेळी जागा कमी पडली तर वरचे ‘स.न.वि.वि.’ कापावे.

– एक जुना वाचक, अंधेरी (प.)