शिवणीतली माया

ताई,

तुमच्या शिवणाच्या दुकानात कायम गर्दी असते, आणि तुमच्यासमोर आले की माझा गळा दाटून येतो. म्हणून लिहितेय. सगळ्यांसमोर लिहितेय, कारण तुम्ही काय केलंत ते चार लोकांना कळायला हवं.

परवा बालेवाडीला रिदमिक जिम्नॅस्टिक्सच्या स्पर्धेत माझी लेक रिबन घेऊन उतरली. तेरा बाय तेरा मीटरचं कार्पेट, काठीच्या टोकाला पाच मीटर सॅटिन आणि जेमतेम दीड मिनिट. रिबन सतत हलती राहिली पाहिजे, तिला गाठ बसली की गुण गेले. पंच काय बघत होते मला ठाऊक नाही. मी तिचं पोट बघत होते. तिनं ते आत ओढून धरलं नव्हतं. ती श्वास घेत होती. दोन वर्षांत पहिल्यांदा तिला कार्पेटवर मोकळा श्वास घेताना पाहिलं, आणि मला तुम्ही आठवलात.

लोक विचारतात, जिम्नॅस्टिक्स म्हणजे दीपा कर्माकर करायची तेच ना? नाही. दीपा 2016 साली रिओत चौथी आली ती आर्टिस्टिकमध्ये, व्हॉल्टवर, म्हणजे धावत येऊन टेबलावरून घ्यायच्या उडीत. हे रिदमिक. हूप, चेंडू, क्लब्ज म्हणजे हातातल्या दोन छोट्या मुद्गली, रिबन आणि संगीत. ऑलिंपिकमध्ये 1984 पासून आहे, पण आपल्याकडे अजून नाव सांगितलं की ते समजावूनही सांगावं लागतं. ठाण्याच्या संयुक्ता काळेनं 2022 मध्ये पंचकुलाच्या खेलो इंडियात पाच सुवर्णपदकं मिळवली, तेव्हा पेपरातला तिचा फोटो कापून लेकीनं कपाटाच्या दारावर चिकटवला. तो अजून आहे. मधल्या वाईट दिवसांतही तिनं तो काढला नाही.

आधीच्या क्लासचं नाव मी घेणार नाही. तिथे दर शनिवारी मुलींना रांगेत उभं करून वजन करायचे आणि आकडा मोठ्यानं वाचायचे. वाढलेला असेल तर पुन्हा एकदा, आणखी मोठ्यानं. बारा-तेराव्या वर्षी पोरगी वाढणार नाही तर काय होईल? उंची वाढली की शरीराचा तोल बदलतो, काल डोळे मिटून जमणारा पिव्हट, एका पायावरची गिरकी, आज डगमगतो. तो पुन्हा बसायला महिने लागतात आणि शिकवणाऱ्याला धीर लागतो. तिथे धीर नव्हता. तिथे ‘सुटलीयेस’ एवढा एकच शब्द होता. लेकीचा डबा तसाच परत यायला लागला. वरणभातावरचं तूप ती चमच्यानं बाजूला काढायची. आणि मी राज्य स्पर्धा जवळ आली म्हणून गप्प बसले. ते माझं चुकलंच.

क्लास सोडला आणि नव्या ठिकाणी गेलो, तरी आकड्यांची धास्ती तिच्या अंगातून गेली नव्हती. स्पर्धेत बसवलेल्या नव्या सेटसाठी लिओटार्ड, म्हणजे अंगाला घट्ट बसणारा पोशाख, हवा होता. बाहेरून मागवायचा तर माझा महिन्याचा पगार. कुणीतरी तुमचं दुकान सांगितलं. तुम्ही भरतनाट्यमचे आणि गॅदरिंगचे ड्रेस शिवता, लायक्रा फारसा शिवला नव्हता. तरी ‘बघू या की’ म्हणालात.

तुमची रीत अशी, की टेप लावायची, माप मोठ्यानं सांगायचं आणि मदतनीस मुलगी वहीत लिहिणार. तुम्ही ‘छाती’ म्हणून आकडा सांगितलात आणि लेकीनं डोळे गच्च मिटले. पोट आत ओढलं. बरगड्या दिसायला लागल्या. तुम्ही एक क्षण तिच्याकडे पाहिलंत. मग त्या मुलीला चहा आणायला पाठवलंत, वही स्वतः घेतलीत, आणि पुढची सगळी मापं एक शब्द न बोलता लिहिलीत. कंबर, नितंब, मांडी, दंड. काहीही विचारलं नाहीत. शेवटी वही मिटलीत आणि म्हणालात, “श्वास सोड गं बाळा. सोडलेल्या श्वासाचंच माप घ्यायचं असतं. आणि मी आत भरपूर माया ठेवणारे. तू वाढ बिनधास्त.”

शिवणीत सोडलेल्या जादा कापडाला आपण माया म्हणतो, हे मी लहानपणापासून ऐकतेय. त्या दिवशी तो शब्द मला नव्यानं कळला. रिक्षात बसल्यावर लेक रडली, खूप रडली. घरी आल्यावर तिनं भात मागून घेतला.

बाकीचं तुम्हाला माहीतच आहे. पहिला लिओटार्ड स्प्लिटमध्ये, दोन्ही पाय सरळ रेषेत फाकवताना, फाटला, तेव्हा तुम्ही दुकानातलं टेबल भिंतीला सरकवलंत आणि तिला फरशीवरच स्प्लिट करायला लावून कापड कुठे ताणतंय ते खडूनं आखलंत. सुई बदललीत, टाका बदललात. छातीवरच्या जाळीला आतून अस्तर लागतं, नाहीतर गुण कापतात, हे मी एकदाच सांगितलं होतं. तुम्ही विसरला नाहीत.

ताई, मोठमोठ्या पदव्या लावलेली माणसं पोरीच्या अंगाकडे बघत होती आणि त्यांना पोरगी दिसत नव्हती. तुम्हाला ती टेप लावता लावता दिसली. अशी माणसं असतात म्हणून आम्ही पोरींना सकाळी साडेपाचला उठवून मैदानावर पाठवायची हिंमत करतो. खेळाचं करिअर छोटं असतं, यात तर फारच. पुढच्या दोन वर्षांत ती सीनिअर होईल, रिबन सहा मीटरची होईल, स्पर्धा कठीण होईल. पदकं येतील, न येतील. परवा ती चौथी आली. कार्पेटवरून उतरल्यावर तिनं आधी पाणी मागितलं आणि मग म्हणाली, “आई, खांद्यात घट्ट व्हायला लागलंय.”

हे सांगताना ती हसत होती, ताई.

गुरुवारी संध्याकाळी येतो. माया उसवायची आहे. आणि मागच्या वेळी अर्धेच पैसे घेतलेत, या वेळी पूर्ण घ्यायचे.

तुमची,
रिबनवाल्या पोरीची आई