‘डोया’ म्हणणाऱ्या मुलांचे गुण कापू नका

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

गेल्या महिन्यात आमच्या तालुक्याच्या ठिकाणी झालेल्या प्रकट वाचनाच्या स्पर्धेला मी श्रोता म्हणून बसलो होतो. पाचवीतल्या एका मुलीने उतारा इतका समजून वाचला की मागे चुळबुळ करणारी मुलेही ऐकू लागली. कुठे थांबायचे, कोणत्या शब्दावर जोर द्यायचा, आवाज कुठे उतरवायचा, हे सारे तिला नेमके कळले होते. तिला क्रमांक मिळाला नाही. गुणपत्रिकेवर ‘उच्चार अशुद्ध’ असा शेरा होता आणि चौकशी केली तेव्हा कळले की तिने ‘डोळे’ऐवजी ‘डोये’ आणि ‘सकाळ’ऐवजी ‘सकाय’ म्हटले, एवढाच तो दोष. परीक्षक कोण होते हे सांगण्याची गरज नाही, कारण असा शेरा आपल्याकडच्या कितीतरी शाळांत कोणीही लिहिला असता. नोकरीच्या पहिल्या वर्षांत मीही तो अनेकदा लिहिला आहे, आणि म्हणूनच हे पत्र लिहिणे मला माझे कर्तव्य वाटते.

‘ळ’ म्हणताना जिभेचे टोक मागे वळते, उच्चारशास्त्राच्या आपल्या जुन्या ग्रंथांनी टाळूच्या वरच्या ज्या जागेला मूर्धा म्हटले तिथे क्षणभर टेकते आणि हवा जिभेच्या कडांवरून बाहेर पडते. ‘य’ म्हणताना जीभ कुठेच टेकत नाही, तिचा मधला भाग टाळूकडे नुसता उचलला जातो. अहिराणी किंवा लेवा गणबोली या खानदेशातल्या बोली बोलणाऱ्या घरातले मूल ‘डोया’ म्हणते तेव्हा ते जीभ टेकवण्याचा कंटाळा करते, असे पुष्कळांना वाटते. कंटाळाच असता तर तो ‘ल’च्या वेळीही दिसला असता. तीच मुलगी ‘बैल’ आणि ‘लाल’ स्वच्छ म्हणते. ‘बैल’चा ‘बैय’ तिच्या तोंडून कधीही होणार नाही. ‘ळ’ कोणत्या शब्दात आहे आणि ‘ल’ कोणत्या, हे तिला पक्के ठाऊक आहे आणि त्यातल्या ‘ळ’च्याच जागी ती ‘य’ ठेवते. ज्या बदलाला इतका काटेकोर नियम आहे, त्याला ध्वनिशास्त्रात दोष म्हणत नाहीत.

हा नियम मराठीच्याच जुन्या वाटेवरचा आहे. संस्कृतातल्या ‘शाला’ची मराठीत ‘शाळा’ झाली, ‘फल’चे ‘फळ’ झाले आणि ‘काल’चा ‘काळ’ झाला, कारण दोन स्वरांच्या मध्ये एकटा सापडलेला ‘ल’ मराठीने ‘ळ’ केला. ‘कल्य’ या शब्दाचे मात्र प्राकृतात ‘कल्ल’ झाले होते. तिथे जोडाक्षर असल्यामुळे ‘काल आलो’ यातला ‘ल’ टिकून राहिला. ‘काल’ आणि ‘काळ’ असे दोन वेगळे शब्द आपल्याला मिळाले ते यामुळे. खानदेशाने त्याच वाटेवर आणखी एक पाऊल टाकून ‘शाळे’ची ‘शाया’ केली, आणि वऱ्हाडातही हेच घडले. ‘शाला’ची ‘शाळा’ झाली ती भाषेची घडण आणि ‘शाळे’ची ‘शाया’ झाली ती अशुद्धी, हा न्याय कोणत्या शास्त्रातून आला हे मला आजवर कळलेले नाही. ‘भाषा’ या शब्दात ‘ष’ लिहून सुशिक्षित मराठी माणूस सर्रास ‘भाशा’ म्हणतो, तेव्हा त्याचे गुण कोणी कापत नाही.

बहिणाबाई चौधरी जळगावजवळच्या आसोद्याच्या. १८८० साली जन्मलेल्या या बाईंना लिहिता-वाचता येत नव्हते. कामाच्या रगाड्यात त्यांच्या ओठांवर आलेल्या ओव्या घरच्यांनी टिपून ठेवल्या आणि १९५१ मध्ये त्या गेल्यानंतर पुढच्याच वर्षी त्यांचे पुस्तक निघाले. त्यांचा ‘वढाय’ हा शब्द आज महाराष्ट्रभर माहीत आहे. तो ‘ओढाळ’ या शब्दाचा खानदेशी उच्चार आहे: आरंभीच्या ‘ओ’चा ‘व’ आणि शेवटच्या ‘ळ’चा ‘य’. आपल्या जळगावच्या विद्यापीठाला त्यांचे नाव आहे आणि त्यांच्या कविता शाळेत शिकवल्या जातात. मग पाठ्यपुस्तकातल्या ‘वढाय’चे रसग्रहण करणाऱ्या वर्गात मुलाने ‘केयी’ म्हटले की त्याला उभे करायचे, हे त्या मुलाला कसे समजावून सांगणार?

आता मला ज्या गोष्टीची खरी टोचणी आहे ती सांगतो. मी दुसरीचा वर्ग शिकवत होतो तेव्हा ‘डोळा’ म्हणवून घेण्यासाठी काही मुलांच्या मागे हात धुऊन लागलो होतो. त्याच वर्गात एक मुलगा ‘बस’ला ‘ब’ आणि ‘पाऊस’ला ‘पाऊ’ म्हणत असे. हाक मारली की तो वळून पाही, म्हणून त्याला ऐकू येते याविषयी मला शंकाच आली नाही. लक्ष देत नाही, असे मी त्याच्या वडिलांना सांगितले. पुढे ध्वनिशास्त्राचे थोडे वाचन झाल्यावर उमगले की स्वरांची ताकद खालच्या कंपनांत असते, तर ‘स’ची ताकद मुख्यतः सेकंदाला चार हजारांहून अधिक कंपनांच्या पट्ट्यात असते. ज्याचे वरच्या पट्टीतले ऐकणे अधू आहे, त्याला स्वतःचे नाव ऐकू येते आणि ‘स’ मात्र निसटतो. त्या मुलाचे कान तपासायला हवे होते. वर्गातल्या ज्या उच्चारात काहीही बिघडलेले नव्हते त्याच्यामागे मी वर्ष घालवले आणि ज्याच्याकडे लगेच लक्ष द्यायला हवे होते तो माझ्या समोर बसून राहिला.

असेच फाटलेल्या टाळूच्या मुलाचे. त्याचे ‘प’ आणि ‘ब’ नाकातून येतात, कारण तोंडात हवा कोंडून धरता येत नाही. सहा-सात वर्षांचे मूल ‘काका’ला ‘ताता’ म्हणत असेल तर त्यालाही तज्ज्ञाकडे नेले पाहिजे. बोलीचा नियम कोणता आणि शरीराची अडचण कोणती, हे शिक्षकाने ओळखले पाहिजे आणि ते ओळखण्यासाठी प्रयोगशाळा लागत नाही. गळ्यावर बोट ठेवून ‘स’ लांबवा, मग ‘आ’ लांबवा: दुसऱ्या वेळी बोटाला जी थरथर लागते ती स्वरतंतूंची. ‘प’ आणि ‘फ’ म्हणताना तोंडासमोर तळहात धरला की महाप्राण म्हणजे ‘फ’सोबत येणारा हवेचा जोराचा झोत, हे पहिलीच्या मुलालाही कळते. आपली वर्णमालाच मुळी कंठापासून ओठांपर्यंत उच्चारस्थानांच्या क्रमाने लावलेली आहे. आपण मात्र ती मुलांकडून पाढ्यांसारखी घोकून घेतो आणि तो क्रम तसा का आहे हे कोणी सांगत नाही.

मुलांनी प्रमाण मराठीतला ‘ळ’ शिकू नये असे माझे म्हणणे मुळीच नाही. पुढच्या शिक्षणात त्यांना तो लागणार आहे. पण ‘नीट बोल’ असे ओरडून तो येत नाही. जीभ ‘ट’ म्हणायला नेतो तिथे नेऊन ठेवायची आणि तिथूनच ‘ल’ म्हणायचा प्रयत्न करायचा, एवढे सांगितले की बहुतेक मुलांना तो दोन-चार दिवसांत जमतो, आणि घरच्या ‘डोया’ची लाजही वाटत नाही.

डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्थेने केलेल्या मराठी बोलींच्या सर्वेक्षणातली ध्वनिमुद्रणे आज संगणकावर कोणालाही ऐकता येतात. ध्वनीचे आलेख काढणारी ‘प्रात’सारखी संगणकप्रणाली फुकट मिळते. २०११ च्या जनगणनेत खानदेशी या भाषेखाली सुमारे १८ लाख ६० हजार लोकांची नोंद झाली. इतक्या लोकांच्या मुलांना शिकवणाऱ्यांना त्यांच्या बोलीचे ध्वनी ठाऊक असावेत, ही अपेक्षा अवाजवी नाही.

म्हणून आपल्या दैनिकामार्फत दोन विनंत्या करतो. धुळे, जळगाव आणि नंदुरबार जिल्ह्यांतल्या अध्यापक विद्यालयांनी उच्चारस्थाने, बोलीतले नियमित ध्वनिबदल आणि वाचादोषांची प्राथमिक लक्षणे यांवर दहा-बारा तासांचा पाठ ठेवावा आणि त्यासाठी वाचातज्ज्ञ व बोलीचे अभ्यासक या दोघांनाही बोलवावे. दुसरे असे की, येत्या सत्रातील वाचन आणि वक्तृत्व स्पर्धांच्या गुणपत्रिकेतून ‘शुद्ध उच्चार’ हा रकाना काढून त्या जागी ‘स्पष्टता’ असा शब्द घालावा. त्या मुलीचे वाचन शेवटच्या रांगेपर्यंत स्पष्ट ऐकू आले होते.

आपला विश्वासू,
एक निवृत्त प्राथमिक शिक्षक,
साक्री, जि. धुळे