नोकरी गेल्यावर वाट दाखवणाऱ्यांचे आभार

लॉकडाऊननंतर आमच्या कारखान्याने कामगार कमी केले, त्यात मीही होतो. पगारातून ईएसआय (कामगारांचा सरकारी विमा) कापला जायचा, पण तो दवाखान्यापुरताच, असं आम्ही सगळेच धरून चाललो होतो. बसस्टॉपवर भेटलेल्या एका दादांनी ईएसआयच्याच अटल बीमित व्यक्ती कल्याण योजनेचं सांगितलं. नोकरी गेलेल्याला सरासरी रोजच्या पगाराच्या ५० टक्के रक्कम, जास्तीत जास्त ९० दिवस, आयुष्यात एकदाच. आधी हे २५ टक्केच होतं, २०२० मध्ये वाढलं. अर्ज मालकाकरवी पाठवावा लागत नाही, थेट ईएसआयच्या शाखा कार्यालयात देता येतो, हे ऐकून जीव भांड्यात पडला.

आधारवर आणि ईएसआयच्या नोंदीत माझ्या आडनावाचं स्पेलिंग वेगळं होतं. झेरॉक्सच्या दुकानातल्या ताईंच्या ते लगेच लक्षात आलं. शाखा कार्यालयातल्या मॅडमनी तर उघडलेला डबा बाजूला सारून माझा विमा क्रमांक तपासला. "घाबरू नका भाऊ, होतंय," म्हणाल्या. त्या पैशांतून घरभाडं आणि पोरीची फी भागली.

दादा, ताई, मॅडम, तुमची नावं मला माहीत नाहीत. मनापासून आभार. माझ्यासोबत कमी झालेल्या पोरांनाही त्याच कार्यालयात पाठवतोय.