शूटिंगवाल्या काकांचे जाहीर आभार

आदरणीय काका, सप्रेम नमस्कार.

किल्लारीच्या भूकंपावरचा आमचा माहितीपट पुरा झाला. त्यात १९९३ सालचं जे काही हलतं-बोलतं दिसतं, त्यातलं बरंचसं तुमच्या व्हीएचएस कॅसेटींतलं आहे. फोनवर तुम्ही "अहो, पडून होत्या" म्हणत विषय संपवलात, म्हणून चारचौघांत लिहितोय.

पडून कसल्या? लग्नसराईत कोरी कॅसेट हाताशी नसली की जुनीवरच रेकॉर्डिंग मारायचं, हा तुमच्या धंद्याचा रिवाज. लातूर-उमरग्याकडची अशी किती दृश्यं वराती-मंगलाष्टकांखाली पुसली गेली असतील, देव जाणे. तुम्ही मात्र प्रत्येक कॅसेटच्या पाठीवरची प्लास्टिकची पट्टी मोडून ठेवलीत, म्हणजे चुकूनही कुणी वरून टेप करू नये. कॅसेटी उभ्या ठेवल्यात, अधूनमधून पुढं-मागं फिरवल्यात. बुरशी धरलेली तेवढी वेगळ्या पिशवीत बांधून दिलीत. ती तशीच लावली असती तर व्हीसीआरचं हेड भरलं असतं आणि पुढच्या चांगल्या कॅसेटीलाही लागण झाली असती. शिवाय चालू व्हीसीआर! ते बनवणारी शेवटची जपानी कंपनीसुद्धा २०१६ साली थांबली. आता सुटे भाग भंगारातच शोधायचे.

पण खरे आभार तुमच्या आवाजाचे. दर शॉटच्या आधी कॅमेऱ्यामागून तुम्ही गावाचं नाव, तारीख आणि कुठून बघताय ते सांगता. "सास्तूर. वेशीकडनं." बास. माळवदाची घरं बसली की दगड-मातीचा ढीग उरतो, आणि सगळे ढीग सारखेच दिसतात. गणपती बोळवून झोपलेली माणसं ३० सप्टेंबरच्या पहाटे त्याखाली गेली. मागं राहिलेल्यांची गावं दुसऱ्या जागी वसली. कुठलं ते माहीत नसलेलं दृश्य मग कुठल्याही भूकंपाला चिकटवलं जातं, आणि माहितीपटवाले त्यात मागं नाहीत. तुमच्या त्या दोन शब्दांवरून आम्ही त्या-त्या गावच्या जाणत्यांना गाठू शकलो. एका आजींनी दगडी चौकट बघून गल्ली सांगितली, मग गल्लीतली घरं एकेक करून.

एडिटरला तुमचा आवाज काढून संगीत घालायचं होतं. नाही घालू दिलं. चौकोनी चित्र ताणून रुंदही केलं नाही. प्रेतांवरून तुम्ही कॅमेरा जिथं वळवलात, तिथं आम्हीही थांबलो नाही.

डिजिटल प्रती दोन हार्ड डिस्कवर आहेत. एक तुमच्याकडं पाठवतोय, दुसरी वेगळ्या शहरात राहील. तरी मूळ कॅसेटी टाकू नका, डिस्कचा काही भरवसा नसतो. श्रेयनामावलीत तुमचं नाव 'सौजन्य'मध्ये नाही, 'छायाचित्रण'खाली आहे. त्यावर वाद घालू नका.

काकूंना नमस्कार. लोहाऱ्याची कॅसेट राहिलीय, रविवारी न्यायला येतो.

तुमचाच,
माहितीपटवाला