नादशाळा सोलापुरातच भरणार

सोलापूर,
एप्रिल अखेर

प्रिय अव्या,

काय बे, नादशाळा हिमालयातल्या गुहेत हलवायची म्हणतोस? गुहेत वाजतं काय? पाणी ठिबकतं, वटवाघळं फडफडतात, संपलं. आपल्या कादंबरीतली ही आवाजाच्या जादूची शाळा सोलापुरातल्या बंद पडलेल्या मिलच्या आवारात भरते आणि तिथंच भरणार. भोंग्यावर उठलेलं, भोंग्यावर जेवलेलं हे गाव. शिवाय एका गल्लीत मराठी, दुसरीत तेलुगू, तिसरीत कन्नड. इथल्या पोरांचे कान जन्मापासूनच तयार असतात.

आता जादूचा नियम. तुझ्या खर्ड्यात पोरं नुसती ओरडतात आणि भिंती कोसळतात. तसं नको. प्रत्येक वस्तूची आपली एक कंपनसंख्या असते. ती सापडली की बारीक सूरही पुरतो; नाही सापडली तर घसा फोडून उपयोग नाही. झोपाळा नेमक्या वेळी बोटानं ढकलला तरी झोका चढतो ना, तसंच हे. म्हणून नादशाळेत मंत्रांची घोकंपट्टी नाही, सूर शोधणं आहे. नव्या पोराला एक पितळी पत्रा आणि मूठभर बारीक वाळू देतात. पत्र्याच्या कडेवर सारंगीचा गज ओढला की वाळू थरथरत सरकते आणि जिथं पत्रा हलत नाही त्या रेषांवर जाऊन बसते. नक्षी उमटते. यात जादू काही नाही, क्लाडनी नावाच्या जर्मन माणसानं १७८७ सालीच हे पुस्तकात छापलंय. आपली जादू त्याच्या पुढची: तयार झालेला विद्यार्थी गजाला हातही लावत नाही. वाळूचा पत्रा जमिनीवर ठेवतो आणि नक्षी बघून सांगतो, गोदामात कोण चाललंय आणि कुठल्या पायानं लंगडतंय.

तंबोऱ्यांचे भोपळे पंढरपूर-मंगळवेढ्याकडचे. तंबोरे घडतात त्या मिरजेच्या वाटेवरच त्यातले चार चांगले आपला कोठीवाला लांबवतो. हे एका वाक्यात आटपू, तू त्यावर अख्खं प्रकरण पाडलंयस.

खर्जाचा, म्हणजे अगदी खालच्या सुरांचा वर्ग मात्र सोलापूरजवळच्या नान्नजच्या माळावर. माळढोकाचा नर गळ्याची पिशवी फुगवून जो घुमारा काढतो, तो कानापेक्षा छातीत आधी लागतो. शाळेच्या जुन्या वहीत लिहून ठेवलंय की खर्ज माणसाकडून शिकायचाच नाही, पक्ष्याकडूनच घ्यायचा. आता तिथं माळढोक नजरेस पडणंच दुर्मीळ झालंय. त्यामुळं वेळापत्रकात तास आहे, पोरं पहाटे जाऊन गवतात बसतात, आणि वर्ग सुरूच होत नाही. तुला तो असुर हवाच कशाला मग? आवाज गिळणारा राक्षस म्हणे! मिरवणुकीतल्या डॉल्बीच्या भिंतीसमोर एकदा उभा राहा. लेझीम डोळ्यांना दिसते, कानाला नाही. असुराचं प्रकरण मी फाडलंय, राग येऊ दे.

खरं भांडण जॉबरमामांवरून, मागखात्यातल्या त्या जुन्या मुकादमावरून आहे, मला माहितेय. 'आवाजाच्या शाळेत बहिरा मास्तर म्हणजे ओढूनताणून' असं तू लिहिलंस. अरे, सोलापूरच्या पूर्व भागात, विणकरांच्या वस्तीत वाढलेल्या माणसानं हे लिहावं? आपल्या गल्लीतले मागावरचे सगळे काका आठव. शेडमध्ये शेजारच्याशी बोलायचं ते हातवाऱ्यांनी आणि ओठांवरून. घरी आले की साधं पाणी मागितलं तरी भांडण वाटायचं. पण मागाच्या चौकटीला तळहात लावून ते सांगायचे, आडवा धागा नेणारा धोटा कुठं अडखळतोय ते. जॉबरमामा तेच शिकवतात. त्यांच्या तासाला पोरांच्या कानात कापूस.

आणि तिथूनच मला जादूची किंमत सापडली. खडखडाटानं कान जातात ते एकदम नाही. आधी वरच्या पट्टीतले आवाज जातात, चार हजार हर्ट्‌झच्या आसपासचे. खालचे बराच काळ शाबूत राहतात. म्हणून माणूस म्हणतो, 'ऐकू येतंय, पण कळत नाही.' स, श, फ ही अक्षरं आधी गळतात. नादशाळेतही तसंच: प्रत्येक मोठ्या प्रयोगामागं वरचा एक पदर झडतो. पहिल्यांदा रातकिडे बंद होतात. मग पैंजण. मग 'सासू'ची 'आऊ' होते. तिसऱ्या वर्षाची एक पोरगी आपल्या धाकट्या भावाला हाक मारायला सांगते, त्याचं नाव सतीश, आणि तिला मधला 'ती' तेवढा लागतो. ती शाळा सोडत नाही. तिला रडवू नकोस, मी बजावतोय. ती फक्त त्याला दुसरं नाव ठेवते.

आता अडलंय कुठं ते सांगतो. शेवटची परीक्षा विजापूरच्या गोल घुमटात ठेवलीय. इथून शंभरेक किलोमीटर, १६५६ च्या सुमाराची इमारत, वर कुजबुजीचा सज्जा. एका बाजूला भिंतीला तोंड लावून पुटपुटलं की समोरच्याला स्वच्छ ऐकू येतं, कारण आवाज वळणाऱ्या भिंतीला धरून सरकत जातो. रविवारी सहलीची पोरं किंचाळत असताना ही परीक्षा द्यायची. इथवर झकास. पण भिंतीला जास्त चिकटून जातात ते नेमके वरच्या पट्टीतले आवाज, म्हणूनच तिथं बोलण्यापेक्षा कुजबुज बरी पोचते. म्हणजे जो जितका मोठा नादविद, तो या परीक्षेत तितका कच्चा! जॉबरमामा परीक्षक म्हणून बसणार कसे? भिंतीला तळहात लावून कुजबुज ओळखतात असं लिहिलं, पण एवढ्या जाड दगडातून ती हाताला लागावी हे मलाच पटेना.

तू पुढच्या महिन्यात येतोयस ना? सोमवारी जाऊ, गर्दी कमी असते. मी कानात कापूस घालून भिंतीला हात लावतो, तू पलीकडून स-श चे शब्द सोड. काहीच लागलं नाही तर परीक्षेची जागा तू सुचव. हिमालय सोडून.

तुझा,
पम्या